लहान बी, मोठा बी

साडू माझ्याहून धाकटा. रस्त्याच्या पलीकडं त्याचा एसटीडी बूथ होता. मी टायपिंगचे वर्ग बंद करून इंटरनेट सुरू केलं, आणि थोड्याच दिवसांत त्यानंही केलं. दोघांच्या टेलिफोनच्या तारा एकाच खांबावरून आलेल्या, मोडेमही एकाच दुकानातून आणलेले. तरी माझ्या स्क्रीनच्या कोपऱ्यातलं वेग दाखवणारं मीटर पाचाच्या वर जाईना, आणि त्याचं चाळिसावर खेळायचं.

पोरांना तेवढंच दिसायचं. तिकडं चाळीस केबी हाय, म्हणत ती रस्ता ओलांडायची. बायको बहिणीकडून आली की तिथल्या गर्दीचं सांगायची. मुद्दाम नव्हे, पण मला जेवण जायचं नाही. लाइनमनला बोलावून मी तार बदलून घेतली. लाइनीत खोट नाही, असं तो म्हणाला. मला वाटलं, साडूनं त्याला चहा पाजलेला असणार.

शेवटी मीच विचारायला गेलो. साडूनं लगेच फ्लॉपी काढून हातात ठेवली. मीटरचा प्रोग्राम स्वतः काहीच मोजत नाही, हे मला त्याच्याकडून कळलं. तारेतून किती आलं, किती गेलं हे मोजणाऱ्या फाइली वेगळ्या असतात. त्यांना लायब्ररी म्हणतात. प्रोग्राम त्यांना विचारतो आणि आकडा दाखवतो. तुमची लायब्ररी जुनाट हाय साडूभाऊ, माझी घ्या, असं तो गिऱ्हाइकांसमोर म्हणाला. त्यानं नाही म्हटलं असतं तर मला बरं वाटलं असतं.

जुन्या फाइली बाजूला ठेवून मी त्याच्या टाकल्या. कोपऱ्यात चाळीस उमटलं. बायकोला बोलावून दाखवलं, तीही हसली. पण नुसत्या आकड्यावर माझं समाधान होत नाही. एकच फॉर्म मी आधी नव्या फाइली ठेवून इंटरनेटवरून उतरवला, मग जुन्या ठेवून, समोर घड्याळ ठेवून. वेळ सारखाच लागला. तेव्हा फ्लॉपीवरची इंग्रजी माहिती शब्दकोश घेऊन वाचली. माझी लायब्ररी बाइट मोजत होती आणि त्याची बिट. आठ बिटांचा एक बाइट. लिहिताना बाइटचा इंग्रजी बी मोठा, बिटचा लहान. तोंडानं म्हणताना दोन्ही केबीच. पाच आठे चाळीस.

मी तडक जाऊन त्याला हे सांगितलं. त्यानं शांतपणे ऐकून घेतलं.

"म्हंजे माझं खोटं न्हाई ना?"

खोटं नव्हतं. तसं मला म्हणावं लागलं.

"मग तुमी बी बारका बी लावा की. आपणच आपल्याला आठनं भागून गिऱ्हाइकापुढं बसायचं, असलं कोण करतंय?"

बूथमधली पोरं हसली. मी घरी येऊन जुन्या फाइली परत टाकल्या. फाइलीचा आकार बाइटमध्ये लिहिलेला असतो, म्हणून वेगही बाइटमध्येच दाखवला पाहिजे, असं मी बायकोला समजावलं. ते बरोबरच होतं. पण त्याच्या फ्लॉपीतला आकडा माझ्या स्क्रीनवर मला सहन होत नव्हता, हेही होतंच. भिंतीवर कागद लावला: येथील आकडा आठने गुणावा. कुणी गुणला नाही.

दहावीचा निकाल लागला त्या दिवशी सगळे एकाच वेबसाइटवर निकाल शोधत होते. माझं मीटर शून्यावर अडकलं. माझ्या खुर्च्या रिकाम्या होत्या, म्हणून मी पलीकडं जाऊन पाहिलं. त्याचंही शून्य. पण दारात पाय ठेवायला जागा नव्हती. साडूनं मला पाहिलं आणि गर्दीला हात करून म्हणाला, "आवो, समोर आमच्या साडूभाऊंकडं बी हाय, तिकडं जावा."

पोरीला घेऊन आष्टीहून आलेला एक माणूस पुढं उभा होता. त्यानं मान न वळवता सांगितलं, "नगं. तिथं लई हळू हाय म्हणतेत."

शून्याला आठनं गुणलं तरी शून्यच, हे माझ्या ओठांवर आलं होतं. साडूनं लोकांना सरकवून माझ्यासाठी खुर्ची पुढं केली. मी बसलो नाही.