राजकन्येच्या पायाचा अंगठा

बडनेऱ्याच्या फलाटावर माय आली होती, बाबा आले नाहीत. नाटक कंपनीचा मुक्काम हलत होता आणि मी, अमरावतीच्या फुलमाळ्याचा सतरा वर्षांचा मुलगा, त्यांच्या पेट्यांबरोबर निघालो होतो. आवाज नाजूक, अंगकाठी बारीक, म्हणून मला बायकांची कामं मिळणार होती. घरातून निघताना बाबा एवढंच म्हणाले, "लुगडं नेसून नाचाचं असन तं खुशाल जाय. पन मंग या दारात पाय ठेवू नोको." गाडी हलली तशी माय रडायला लागली. मी मात्र, खरं सांगतो, दोन स्टेशनं भलताच खुशीत होतो. रडू तिसऱ्या स्टेशनवर आलं.

सहा वर्षं घरी गेलो नाही. राण्या केल्या, दासी केल्या, सासवा केल्या. कोणी आजारी पडलं तर दाढी लावून प्रधानही झालो. पेटी वाजवली, पडदे रंगवले. पुणेकर मंडळींनी माझ्या बोलीतलं मले-तुले घासूनपुसून काढलं. टाळ्या पडल्या की बरं वाटे, पण वऱ्हाडातला मुक्काम ठरतो आहे असं कानावर आलं की मी मॅनेजरांना दुसरीच गावं सुचवत असे. बाबांनी मला लुगड्यात पाहिलं तर?

अखेर अकोल्याचा मुक्काम ठरलाच. रविवारी दुपारचा खेळ. बागेच्या प्रवेशात राजकन्या हार गुंफते. एरवी तयार हार हातात धरून नुसती बोटं हलवायची. त्या दिवशी फुलवाल्याने घोळ घातला, सुटी शेवंती आणि दोरा तेवढा आला. त्यात अमरावतीची माणसं थेटरात आहेत असं कळलेलं, म्हणून मी आधीच गांगरलेला. गाणं सुरू झालं आणि हातांनी माझं ऐकलंच नाही. शालूचा घोळ वर सारला, दोऱ्याचं टोक पायाच्या अंगठ्याला अडकवलं आणि बाजारात बसल्यासारखा भराभर हार गुंफायला लागलो. आमच्या घरी सगळे असेच गुंफतात. राजवाड्यात नव्हे! पिटातल्या स्वस्त जागांवरून एकजण ओरडला, "राजकन्या माळ्याची हाय का बे?" सगळं थेटर हसलं. विंगेत मॅनेजर दातओठ खात होते.

अंक संपला. रंगपटात मी मॅनेजरांची बोलणी खात उभा होतो, तेवढ्यात दारात बाबा. अंगावर शालू, ओठांना रंग, पळायला जागा नाही. बाबांनी मला खालून वर न्याहाळलं.

"तुही माय म्हने, एकदा पाहून तं या. अर्धा खेळ तुले हुडकून राहिलो. कोन्तीच बाई तू वाटेना. अंगठ्याले दोरा लावला, तवा वळखलं."

मी पाया पडायला वाकलो, तर त्यांनी मला मध्येच धरलं. "हार ढिल्ला गुंफला," ते म्हणाले. "सवय मोडली तुही. खेळ झाला का घरी चाल."

इतका हलका मी आयुष्यात कधी झालो नव्हतो. पुढच्या अंकात राजकन्येचं विरहाचं पद होतं. ते मी अशा हसऱ्या तोंडाने म्हटलं की मॅनेजरांनी आता डोकंच धरलं.

पुढे अंग भरलं, शालू सुटला, विनोदी कामं मिळाली. मग बोलपट आले. आता पुण्यात बिऱ्हाड आहे. स्टुडिओत मायक्रोफोनपुढे उभा राहतो, एकच वाक्य कॅमेऱ्यासाठी दहादा बोलतो. गाव सोडून आलेल्या सगळ्यांसारखंच मलाही लोक विचारतात, घर कुठलं? पूर्वी मी विषय बदलत असे. आता अमरावती म्हणून चटकन सांगतो.

परवा बहिणीचं पत्र आलं. त्यात मायचा निरोप होता, "तुह्या खोलीत कांदे भरले हायेत. उन्हाळ्यात आला तं ओसरीत झोपा लागन." वाचून मी एकटाच मोठ्याने हसलो आणि हसता हसता डोळे पुसले. पाहुण्याला असं कोणी लिहीत नाही.