साडूचा आकडा लागला

यंदा आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, अमळनेरला सासरी गेलो होतो. खापराची पुरणपोळी, आमरस आणि जेवणानंतर ओट्यावर जावयांचे पत्ते... आमच्या खानदेशात त्या एका दिवशी जुगाराला कोणी नावं ठेवत नाही, सासराच पत्ते पिसून देतो.

मी जळगावला मेहरूणमध्ये राहतो, शाळेत गणित शिकवतो. माझा साडू दिगंबर शिंदखेड्याचा, त्याचं मोटार रिवाइंडिंगचं दुकान आहे. आणि स्पष्टच सांगतो, या माणसावर मी बारा वर्षं जळतोय.

सासूबाई खापरावरची पहिली पोळी त्याच्या ताटात टाकतात. सासरे, म्हणजे नाना, विहिरीवरचा पंप बंद पडला की त्याला फोन करतात, आणि पंप चालू असला तरी त्यालाच करतात. मला काय विचारतात? 'शाळेला सुट्टी कधी लागली?'

मला एकच समाधान होतं. दिगंबरला आकडे लिहिता येत नाहीत. 'सत्तेचाळीस' ऐकलं की त्याला आधी सात ऐकू येतो, म्हणून तो आधी सात लिहितो. स्वतःच्या लग्नात त्याने मांडववाल्याचा फोन नंबर असाच उलटा लिहून घेतला होता... तो किस्सा मी दर आखाजीला सांगतो. सगळे हसतात, तोही हसतो.

तर यंदा नानांनी नवीन टूम काढली. पत्ते पुरे, दोन्ही जावयांनी सरकारी लॉटरीचा एकेक आकडा लावायचा. निकाल संध्याकाळी.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी... तीन आकड्यांचा रोजचा खेळ असतो. शून्य शून्य शून्यपासून नऊशे नव्याण्णवपर्यंत कुठलाही नंबर चिठ्ठीवर लिहायचा, दुकानदार त्याचं तिकीट काढून देतो. 'सरळ' लावला तर आकडे त्याच क्रमाने यावे लागतात. 'मिक्स' लावला तर कसेही उलटसुलट आले तरी चालतं, पण मग बक्षीस बरंच कमी. तीन वेगळ्या आकड्यांच्या सहा जोडण्या होतात ना, म्हणून.

सरळ लागायची शक्यता हजारात एक. काल कुठला नंबर आला होता ते यंत्रातल्या चेंडूंना आठवत नाही, त्यामुळे 'हा बरेच दिवस आला नाही, आता येणारच' याला काही अर्थ नाही. हे मी दहावीच्या वर्गात दरवर्षी घसा फोडून शिकवतो.

आणि तरी माझ्याकडे एक वही आहे... बरेच दिवस न आलेल्या नंबरांची. हसा. त्यातूनच मी ३०९ काढला. दिगंबरने नानांच्या जुन्या स्कूटरचा नंबर लावला, आठशे सत्तेचाळीस, सरळ. नाना केवढे खूश झाले! मला का नाही सुचलं हे?

संध्याकाळी शेजाऱ्यांचा पंप बंद पडला आणि अर्थातच दिगंबर तिकडे गेला. जाताना तिकीट माझ्या हातात देऊन गेला. मी मोबाइलवर निकाल उघडला... ८७४.

माझा गेला. आणि नानांची स्कूटर ८४७, म्हणजे त्याचाही गेला! गार वाटलं हो. मग सहज त्याचं तिकीट पाहिलं. त्यावर छापलं होतं ८७४.

गाढवाने चिठ्ठीवर उलटं लिहिलं होतं. ज्या चुकीवर मी बारा वर्षं हशा पिकवला, त्याच चुकीने त्याला बक्षीस लागलं होतं. त्याच्या दुकानात वाइंडिंगचं नवं मशीन येईल एवढं.

नानांनी विचारलं, "काय आकडा उना, मास्तर?"

मी म्हणालो, "आपला कोणाचाच नाही."

का म्हणालो? तिकीट मला नको होतं. फक्त त्याला मिळायला नको होतं. एवढंच... आणि हे लिहिताना आत्ताही कान गरम झालेत.

दिगंबर ग्रीसचे हात पुसत आला. मी तिकीट परत दिलं, म्हटलं, गेला. नाना म्हणाले, तू पण एकदा बघून घे. तर हा म्हणतो, "भाऊंनी देखं ना, मंग मी काय देखू?" आणि तिकिटाची बारीक सुरळी करून कान कोरायला लागला.

ती सुरळी त्याच्या कानात फिरताना मी पाहत होतो. मग त्याने ती काढली आणि ओट्याखालच्या नालीकडे हात नेला. मी ओरडलोच, "अरे थांब! लागलाय तुझा!"

सगळे माझ्याकडे बघायला लागले. 'मग मघाशी नाही का म्हणालात?' असं बायकोच्या चेहऱ्यावर स्पष्ट लिहिलं होतं.

दिगंबरने तिकीट उलगडलं, मोबाइल पाहिला, मग माझ्याकडे पाहिलं... जरा जास्तच वेळ. आणि हसून सगळ्यांना म्हणाला, "मनीच चूक शे. मी उलटं लिखेल व्हतं, भाऊले नानानी गाडीनाच नंबर वाटना व्हई."

म्हणजे तिकिटावर स्कूटरचाच नंबर असणार असं मी धरून चाललो! हशा पिकला. गणिताच्या मास्तरला आकडा वाचता येत नाही! आता दर आखाजीला हाच किस्सा चालणार. मीही हसलो, त्याने दिलेली ती सबब मुकाट्याने घेतली आणि जळगावला परत आलो.

तीन दिवस झाले त्याला. पहिली पोळी त्याला का मिळते, ते थोडं कळलंय... तरी जळफळाट संपलाय असं म्हणणार नाही.

दिगंबर, तू हे वाचशीलच. उपकार झाले तुझे. पण त्या संध्याकाळी मी आकडा बरोबर वाचला होता.