देवीचा निरोप राहिला तो दिवस

हां, तर संबळ उन्हात असा तापला होता की काठी टेकायचा अवकाश, टणकन वाजायचा. आणि परसू गोंधळी घामानं न्हालेला! बासष्ट सालचा मार्च. मल्लेश्वरममधल्या आमच्या घरामागच्या पटांगणात भर दुपारी गोंधळ. आमच्या सात पिढ्यांत कुणी पाहिला नसेल. पण मुंबईहून आलेल्या उमाकांतला बंगळुरातल्या मराठी माणसांच्या देवधर्मावर माहितीपट काढायचा होता, आणि कॅमेऱ्याला ऊन लागतं.

परसूला मीच शोधून दिलं. निपाणीकडचा माणूस. एरवी बाजारात हमाली, आणि लग्नसराईत येलहंक्यापासून आनेकलपर्यंत मराठी घरांतून गोंधळ. "अण्णा, तुम्ही म्हणताय म्हणून," असं म्हणत त्यानं चौक मांडला, कलश ठेवला, दिवटी पेटवली आणि विचारलं, "यजमान कोण? नाव घेतल्याबिगर आईला बोलावता येत न्हाई."

उमाकांत घड्याळ बघत होता. मीच म्हटलं, "सांगा हो तुमचं! नाव सांगायला काय जातंय?"

झालं, उमाकांत यजमान.

देवीला तीनदा बोलावलं. पहिल्यांदा मध्येच कावळा ओरडला. दुसऱ्यांदा रीळ संपलं. "परसू, स्वल्प हसून बोलाव की," कॅमेरावाला कृष्णमूर्ती म्हणाला, तसे आम्ही पोट धरून हसलो. परसू तेवढा हसला नाही. तिसऱ्यांदा जमलं, आणि माणसं लगेच वायरी गुंडाळायला लागली.

"साहेब, निरोप ऱ्हायलाय," परसू म्हणाला. "यजमानानं आरती घ्यायची, मग आई माघारी जाती."

"तो भाग नकोय आपल्याला. गाडी चुकेल माझी," म्हणत उमाकांतनं त्याची पाठ थोपटली आणि जीपमध्ये बसला.

"मी घेतो रे आरती," मी म्हटलं.

"तुमच्या नावानं बोलावली न्हाई, अण्णा."

संध्याकाळपर्यंत तो दिवटीवर तेल घालत रस्त्याकडे बघत बसला. मग तेलच संपलं.

उमाकांतला मी पाच पत्रं टाकली. एकाचंही उत्तर नाही. परसूनं संबळ खुंटीला टांगला तो टांगलाच. कुणी बोलवायला आलं की म्हणायचा, "आईला एका दारात ताटकळत ठेवलीया. दुसऱ्या दारात कुठल्या तोंडानं हाक मारू?" दोन वर्षांनी त्याच्या चंपाचं लग्न झालं. गोंधळ्याच्या घरचं लग्न, आणि गोंधळ नाही! "बाबा, माझ्यापुरता तरी," पोरगी म्हणाली. त्यानं तिच्या डोक्यावर हात ठेवला आणि बाहेर निघून गेला. अक्षता पडेपर्यंत आत आला नाही.

पासष्ट साली कळलं की आमच्या जवळच्या टॉकीजात मुख्य सिनेमाच्या आधी तो माहितीपट दाखवतायत. मला वाटलं, स्वतःला पडद्यावर बघून तरी गड्याचं मन हलकं होईल. ओढून नेलं. अंधारात भिंतीएवढा परसू उभा राहिला, हात वर करून देवीला हाक मारली, आणि पुढच्याच क्षणी पडद्यावर दुसरंच कुठलंसं देऊळ. दीड मिनिट, बस्स.

बाहेर आलो. मी आपला खुशीत. म्हटलं, "परसू, राजासारखा दिसलास की रे! सगळं गाव बघतंय तुला!"

तो पायरीवर बसला, धोतराच्या सोग्यानं तोंड पुसलं आणि म्हणाला, "दिवसाला तीन खेळ हायेत, अण्णा. रोज तीनदा बोलावतोय मी तिला. आन् निरोप द्यायला यजमान कुठनं आणू?"