रिकाम्या खुर्च्यांसमोरचा वन्स मोअर

बाबांचा फोन आला तेव्हा मी पुण्यात, ऑफिसात होते. ‘‘सुमनआत्या गेली,’’ एवढंच ते म्हणाले. मी ‘‘बरं’’ म्हटलं, फोन ठेवला आणि समोरचं काम संपवलं. शेजारच्या टेबलावरच्या मैत्रिणीलाही काही बोलले नाही... मला असं पटकन बोलता येत नाही. आत्याला ते ठाऊक होतं.

आत्या बाबांची थोरली बहीण. मोताळ्याहून गाणं शिकायला बाहेर पडली आणि संगीत नाटकांत नायिका झाली. ते प्रयोग मी पाहिले नाहीत. मी पाहिली ती तिची पाच चित्रित नाटकं, रिकाम्या नाट्यगृहात तीन कॅमेरे लावून केलेली. दिग्दर्शकाने सुचवलं होतं, पदं आधी ध्वनिमुद्रित करू, मग नुसते ओठ हलवा. रंगमंचावर अतिशय शुद्ध बोलणारी आत्या चिडली की थेट मोताळ्याच्या बोलीत पोचायची. ‘‘मले गाता येते. ओठ हालवाले दुसरी कोनी पाहा!’’ मग ऑर्गन आणि तबला रंगमंचाशेजारी बसले आणि पाचही नाटकं ती प्रत्यक्ष गायली.

निवृत्तीनंतर ती आमच्याच घरी राहायला आली. सुट्टीत आम्ही भावंडं तिच्याबरोबर ती नाटकं पाहायचो. मी इंग्रजी शाळेतली, नाटकातले निम्मे शब्द मला कळायचे नाहीत. म्हणून मी तिचा चेहराच जास्त पाहायचे. पहिल्या नाटकात कॅमेरा जवळ आला की तिच्या भुवया भलत्याच हलतात. ती स्वतःच हसायची, ‘‘पाय, पाय, कशा बेडकावानी उड्या मारून राह्यल्या!’’ तिसऱ्या नाटकापर्यंत तो चेहरा शांत झालेला दिसतो. नुसती मान किंचित वळते आणि सूर पोचतो. शेवटच्या रांगेपर्यंत न्यायचं गाणं हातभर अंतरावरच्या कॅमेऱ्याच्या काचेला कसं सांगायचं, हे तिने चाळिशीत नव्याने शिकून घेतलं होतं.

त्याच तिसऱ्या नाटकात तिची एक चूक आहे. पद संपतं आणि ती सवयीने हात जोडून थांबते. प्रेक्षकांनी ‘वन्स मोअर’ म्हणावं म्हणून. समोर तर रिकाम्या खुर्च्या! ती शांतता कापायचं ठरलं होतं, आत्याने कापू दिली नाही. ‘‘राहू द्या. कोनी तरी मांगन कधी.’’

आमच्या घरी ते मागितलं जायचं. भावंडं ‘वन्स मोअर’ ओरडायची, आत्या रिमोटने चित्र थांबवायची आणि खुर्चीतून तेच पद पुन्हा गायची. मी कधीच ओरडले नाही.

‘‘काऊन वं पोरी, तुले आवडलं नाई का?’’

‘‘आवडलं.’’

‘‘मंग मांग ना! तुमच्या कॉन्व्हेंटात मांगनं शिकवत नाई का?’’

सगळे हसले. मीही हसले, पण मागितलं नाही.

शेवटची भेट याच हिवाळ्यातली. आजाराने तिचा आवाज पार बसला होता. दुपारी आम्ही दोघीच तिसरं नाटक पाहत होतो. पद संपलं. आत्याचा अंगठा बटणावर होता आणि ती पडद्याकडे नाही, माझ्याकडे पाहत होती. मला वाटलं, आता मागितलं तर तो फाटलेला आवाज तिलाच ऐकावा लागेल. मी पडद्याकडे बघत राहिले... ‘‘जाऊ दे. पुढं पाहू,’’ ती म्हणाली आणि अंगठा काढून घेतला.

तो आवाज मला चालला असता. हे तिला सांगायला हवं होतं.

गेल्या रविवारी घरी गेले. रिमोट तिच्या खुर्चीच्या हातावर तसाच होता. बाकी सगळ्या बटणांवरच्या खुणा शाबूत आहेत, फक्त चित्र थांबवायच्या बटणावरच्या दोन रेघा पुसल्या गेल्यात. मी तिसरं नाटक लावलं. तिने हात जोडले तेव्हा ते बटण दाबलं. आधी हळू म्हटलं. मग मोठ्याने, ‘‘वन्स मोअर!’’

आई हात पुसत स्वयंपाकघरातून आली. ‘‘कोनाशी बोलून राह्यली वं?’’ मग तिने पडद्याकडे पाहिलं आणि ती आत्याच्या खुर्चीशेजारी खाली बसली. मी चित्र पुन्हा सुरू करायची घाई केली नाही.