पडद्यावरून परत न आलेली

१९५६ साली, गौरीविसर्जनाच्या संध्याकाळी, डोंबिवलीतल्या आपल्या मंडळाने कोपरच्या खाडीवरल्या एका कोळणीवर अन्याय केला. वर टाळ्याही वाजवल्या.

संयुक्त महाराष्ट्राची पत्रकं वाटून माझ्या चपला झिजल्या, घसा बसला. आता ओरडायचाही कंटाळा येतो. तरी लिहितो.

आम्ही काही पोरांनी गणेशोत्सवासाठी प्रायोगिक मूकपट काढलेला. ग्रीक पुराणातला एक गवई मेलेल्या बायकोला आणायला पाताळात जातो, वाटेत मागे वळून पाहतो आणि तिला कायमचा गमावतो, ती गोष्ट. आमच्यातला एकजण मुंबईला फिल्म धुण्याच्या कारखान्यात कामाला, कॅमेरा त्यानेच मागून आणला. पाताळ म्हणजे खाडीतली तिवरं. बायकोचं काम करायला आमच्या घरची कुणी तयार होईना, म्हणून दारावर मासे घेऊन येणाऱ्या कोळणीला विचारलं. ती आधी हसली, मग घरी विचारून आली. सवाष्णीने मेल्याचं सोंग घेऊ नये, असं तिच्या सासूचं म्हणणं.

"मरते मी तुमच्यासाठी, दादा. पन परत आनाल ना?"

आणू, म्हटलं. त्या शब्दावर सासू कबूल झाली. आम्ही गोष्टच बदलली. आमचा गवई मागे पाहतो आणि ही चिखलातून हसत बाहेर येते, कपाळभर कुंकू. प्रयोग म्हणतात तो आणखी कसला असतो?

पण खेळाला पुण्याचे एक प्राध्यापक येणार होते. मंडळाच्या कार्यवाहांनी आदल्या दिवशी शेवट कापून टाकला.

"अरे, मूळ कथेत ती परत येत नाही. हसं होईल आपलं."

प्राध्यापक गाडीची वेळ झाली म्हणून अर्ध्यातच उठले. कोळीवाडा मात्र पोराबाळांसकट शेवटपर्यंत बसून होता. पडदा पांढरा झाला तरी सासू विचारत होती, आता येईल ना ही?

पुढच्या लग्नसराईत कोळीवाड्यात शेजारच्या घरी हिला हळदीला हात लावू दिला नाही, पडद्यावर मेली ती परत आलीच नाही म्हणून. अंधश्रद्धा, म्हणाले कार्यवाह. असेल. शब्द आपण दिलेला. दर बैठकीत मी विषय काढतो, दर बैठकीत चहा येतो आणि विषय संपतो. ती अजून मासे आणते, आमच्या दाराशी थांबत नाही.

कापलेला तुकडा मंडळाच्या कपाटात, डब्यात पडून आहे. त्या संध्याकाळी टाळ्या तुम्हीही वाजवल्यात. तेव्हा कपाट उघडायला लावा, तुकडा जोडून घ्या आणि यंदा पडदा कोपरच्या खाडीवर लावा. तिला परत आणा.