कामचोराचा चहा

मंडळी, आज डोकं तापलं आहे, म्हणून लिहून राहिली.

सकाळी ऑफिसनं मले सिलतऱ्याच्या कारखाना-भागातल्या एका प्लांटमध्ये पाठवलं. भट्टीचं तापमान दाखवणारा प्रोग्राम मधातच अटकून राहिला होता. तिथला इंजिनियर मोठा आदबीचा. खुर्ची दिली, चहा मागवला. मग म्हणे, “दीदी, गड़बड़ उस लाइब्रेरी में है। बनानेवाला एकदम कामचोर है। मैंने ऑनलाइन ऐसा सुनाया है ना उसको!”

तो कामचोर म्हणजे मीच.

स्क्रीनवर खिडक्या अन् बटणं काढणारी मूळ लायब्ररी, म्हणजे तयार कोडचा संच, सी++ भाषेत आहे. ती पायथन या दुसऱ्या भाषेतून वापरता यावी म्हणून मधात जोडणीचा कोड लागते. यांचा प्रोग्राम त्याच जोडणीवर चालते, अन् तो कोड मी लिहिते. रविवारी, फुकट, टोपणनावानं. त्यानं सुनावलेलं सगळं मी मागच्या आठवड्यात वाचलं होतं, दवाखान्यात बाबांच्या खाटेजवळ बसून.

चूक मात्र खरंच माझ्या कोडमध्ये होती. माझ्या लॅपटॉपवर दुरुस्त केली, नवी आवृत्ती इंटरनेटवर टाकली अन् त्याले म्हटलं, “देखो भैया, नया वर्जन आ गया है।” त्यानं ते चढवलं. स्क्रीन चालू झाली.

“दीदी, आप तो कमाल हो!” गेटपर्यंत सोडाले आला.

परतताना भनपुरीच्या रस्त्यावर ट्रकांच्या गर्दीत अटकली असताना फोन वाजला. नव्या आवृत्तीखाली त्याचीच कमेंट होती: “चलो, आलसी की नींद तो खुली।”

मले एवढंच सांगा, चहा विचाराले माणूस डोळ्यापुढेच बसलेला पाहिजे काय?