बापाचं नाव दबलं

साऱ्या इंदुरात माझ्या साडूंइतका माणसाचा मान ठेवणारा दुसरा झाला नाही, आणि त्यांनी मान ठेवायला घेतला की माणसाला पळता भुई थोडी व्हायची. जुन्या दरबारात ते चोपदार. आत येणाऱ्या सरदारांची नावं बापासकट, किताबासकट पुकारायची, एवढंच काम. राज्य गेलं, मध्यभारताचं सरकार आलं, चांदीची काठी जमा झाली आणि साडूभाऊ एका सरकारी कचेरीत साहेबाच्या दाराशी स्टुलावर बसले. आवाज तेवढा जमा करायचा राहिला. घरी बायको चहा घेऊन आली तरी आधी तिची वर्दी, मग चहा. तोवर तो गार.

एकदा सांवेरचा एक शेतकरी अर्ज घेऊन कचेरीत आला. साडूभाऊंनी त्याचं नाव, गाव, बैलांचीसुद्धा नावं विचारून घेतली आणि अशी ललकारी दिली की आत साहेबाची दौत सांडली आणि शेतकरी थेट राजवाड्यापर्यंत पळाला. दुसऱ्या दिवशी तोच शेतकरी नवा साफा बांधून, भावाला घेऊन हजर. काम काही नव्हतं. "भिया, वो कल वाला फिर से बोल दो."

साहेबानं ललकारी बंद करून घंटी आणली. साडूभाऊ घंटीला उठेनात. "घंटी सायकलला असते. मला नाव आहे." पण ते विचारतो कोण? राजधानीबरोबर कचेरीही उन्हाळ्यात इंदुरात, हिवाळ्यात ग्वाल्हेरला, आणि दर खेपेला साहेब नवा. सगळ्यांना ते 'ए चपराशी'. माझ्या टांग्यात बसून एकदा म्हणाले, "जन्मभर दुसऱ्यांची नावं पुकारली. आपलं एकदा तरी कोणी पुकारावं." मी म्हटलं, घोड्याला चणे घ्यायचेत.

नोकरी संपली त्या दिवशी साहेबानं मान वर न करता कागद सरकवला. साडूभाऊ एकटेच बाहेर पायऱ्यांवर आले. मी कधी कोणा साहेबासाठी उठलो नाही, पण त्या दिवशी टांग्याच्या पायदानावर उभा राहिलो, तोंड उघडलं, आणि अडलो. इतकी वर्षं नात्यात, पण पुरं नाव मलाही ठाऊक नव्हतं.

"नाव काय हो तुमचं? पुरं?"

वाटलं, चिडतील. त्यांनी पागोटं नीट केलं आणि नाव, बापाचं नाव, गाव, सगळं सावकाश सांगितलं. मी पुकारलं. अड्ड्यावरचे टांगेवाले उठून उभे राहिले. साडूभाऊ सरदारासारखे सातही पायऱ्या उतरले, माझ्याजवळ आले आणि म्हणाले, "बापाचं नाव दबलं. पोटातून काढा." आणि गुडघे धरत पुन्हा सगळ्या पायऱ्या चढून गेले.

दुसऱ्यांदा मी असा ओरडलो की साहेब खिडकीत आला.

आता ते नाहीत. नाव मला तोंडपाठ आहे, पण इथं लिहीत नाही. कागदावर बापाचं नाव परत दबायचं, आणि आता त्यांना पायऱ्या चढायला कोण लावणार?